बोलोन्यात 'बोलोन्येज' का मिळत नाही?

डिसेंबर २०२५ मध्ये दिल्लीच्या लाल किल्ल्यात युनेस्कोच्या समितीची बैठक भरली होती. त्या बैठकीत आपल्या दिवाळीचं नाव 'अमूर्त सांस्कृतिक वारशा'च्या यादीत गेलं, आणि इटलीच्या स्वयंपाकाचंही. इथे साहजिकच दिवाळीची बातमी मोठी झाली. इटलीची बातमी वाचलेल्या ओळखीच्या काही जणांनी मात्र मला एकच प्रश्न विचारला: अख्ख्या देशाचा स्वयंपाक वारसा कसा काय होतो? पास्ता तर आता कोपऱ्यावरच्या हॉटेलातही मिळतो.

अमूर्त वारसा म्हणजे दगडामातीत उभा नसलेला, माणसांच्या हातात आणि सवयीत असलेला वारसा. किल्ला मूर्त, जात्यावरची ओवी अमूर्त. स्वयंपाकाच्या बाबतीत हे समजून घ्यायचं तर 'इटालियन जेवण' हा शब्द आधी बाजूला ठेवावा लागतो. इटली एक देश म्हणून १८६१ साली उभा राहिला. तिथली जेवणं त्याच्या कितीतरी आधीपासून गावागावाची आहेत. नुसतं 'भारतीय जेवण' म्हटल्यावर मालवण, कोल्हापूर, खानदेश यांतलं काहीच कळत नाही, तसंच तिथेही. म्हणून आपण एकच शहर घेऊ. बोलोन्या. जगभरातल्या हॉटेलांत 'स्पॅगेटी बोलोन्येज' या शहराच्या नावाने विकलं जातं, आणि खुद्द शहरातल्या जुन्या खाणावळींच्या यादीत ते नसतं.

लठ्ठ, विद्वान आणि लाल

उत्तर इटलीत पो नदीचं मोठं सपाट मैदान आहे. त्याच्या दक्षिण कडेला, जिथे डोंगर सुरू होतात तिथे, बोलोन्या वसलं आहे. या शहराला तीन टोपणनावं आहेत. 'विद्वान', कारण १०८८ हे वर्ष तिथल्या विद्यापीठाच्या स्थापनेचं मानलं जातं आणि युरोपातलं ते सर्वांत जुनं विद्यापीठ. 'लाल', कारण घरांच्या विटा आणि कौलं लाल. आणि 'लठ्ठ', कारण इथलं जेवण.

हा लठ्ठपणा जमिनीतून आला आहे. मैदानात गहू पिकतो, गाईंना चारा भरपूर, घरोघरी डुक्करं पाळण्याची जुनी रीत. इटली म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर ऑलिव्हचं तेल येतं, पण बोलोन्याच्या जुन्या स्वयंपाकात लोणी आणि डुकराची चरबी यांचाच हात मोठा. आपल्याकडे कोकणात खोबरं आणि देशावर शेंगदाणे, तसलाच हा फरक आहे. जे दारात पिकतं ते कढईत पडतं.

एका पास्त्याचे दोन गहू

स्पॅगेटीचं कोडं गव्हापासूनच सुटायला लागतं.

पास्ता करायला इटलीत दोन जातींचे गहू वापरतात. एक कठीण, पिवळसर, काचेसारख्या दाण्याचा. त्याला ड्यूरम म्हणतात. हा गहू आपल्याला परका नाही. महाराष्ट्रातला बन्सी गहू ड्यूरमच, आणि चांगल्या शेवयांसाठी जो रवा हवा असतो तो याच जातीच्या गव्हाचा. दुसरा मऊ गहू. त्याचं पीठ पांढरं, मुलायम, आपल्या मैद्याच्या जवळचं.

ड्यूरम दक्षिणेच्या उष्ण, कोरड्या हवेत चांगला येतो. त्याचा रवा नुसत्या पाण्यात घट्ट भिजवायचा, साच्यातून दाबून काढायचा आणि वाळवायचा. स्पॅगेटी अशीच होते. वाळल्यावर ती वर्षभर टिकते आणि उकळल्यावर मोडत नाही. इटलीत १९६७ साली झालेल्या कायद्याने वाळवलेला पास्ता ड्यूरमच्याच रव्याचा असावा असं बंधन घातलं.

बोलोन्याच्या मैदानात परंपरेने मऊ गहू. त्याच्या पिठात नुसतं पाणी घालून पातळ पोळी लाटली तर उकळत्या पाण्यात ती लिबलिबीत होते. म्हणून पाण्याच्या जागी अंडं. अंड्यातली प्रथिनं शिजताना घट्ट होतात आणि मऊ पिठाला आतून आधार देतात. प्रमाण अगदी साधं आहे: १०० ग्रॅम पिठाला एक अंडं. पाणी नाही, मीठही बहुतेक जण घालत नाहीत.

त्या कणकेची जी मोठी पातळ पोळी लाटतात तिला 'स्फोल्या' म्हणतात, आणि ती लाटणाऱ्या बाईला 'स्फोलीना'. पोळी गुंडाळून सुरीने पट्ट्या कापल्या की झाल्या 'ताल्यातेल्ले'. लहान चौकोन कापून सारण भरलं की 'तोर्तेल्लिनी'. मोठे तुकडे थरांवर थर रचून भाजले की 'लझान्या'. एकाच पोळीतून सगळा संसार उभा राहतो.

मी हे घरी करून पाहिलं आहे. पहिल्यांदा ओट्याच्या ग्रॅनाइटवर लाटलं. पोळी छान गुळगुळीत, चकचकीत झाली, आणि मी खूश झालो. दुसऱ्यांदा तीच कणीक जुन्या लाकडी पाटावर लाटली. या वेळी पोळी चमकेना. उजेडात तिरकी धरली तर अंगावर बारीक खरबरीतपणा दिसत होता, सुती कापडाचा असतो तसा. दोन्ही शिजवून रस्सा घातल्यावर कळलं की शहाणी पोळी कुठली. चकचकीत पट्ट्यांवरून रस्सा ओघळून ताटलीत जमला. खरबरीत पट्ट्यांनी तो धरून ठेवला. बोलोन्यातल्या बायका लाकडी फळी आणि हातभर लांबीपेक्षाही मोठं लाकडी लाटणं सोडायला तयार नसतात, त्यामागे हे कारण आहे.

तिथे असंही म्हणतात की पोळी इतकी पातळ हवी की तिच्यातून सान लुका दिसलं पाहिजे. सान लुका म्हणजे शहराबाहेरच्या टेकडीवरचं मेरीमातेचं देऊळ. शहरापासून तिथपर्यंत जवळजवळ चार किलोमीटरची, ६६६ कमानींची, छपराची वाट आहे. बोलोन्याचे असे कमानीदार पदपथ २०२१ साली जागतिक वारसा ठरले. पोळी लाटून झाली की दोन्ही हातांनी खिडकीसमोर धरायची आणि उजेड कुठे कमी-जास्त येतो ते बघायचं, ही परीक्षा.

रागू म्हणजे टोमॅटोचा सॉस नव्हे

जग ज्याला 'बोलोन्येज सॉस' म्हणतं त्याला बोलोन्यात 'रागू' म्हणतात. आपल्याकडच्या हॉटेलांतला हा सॉस बहुतेकदा लालभडक असतो: भरपूर टोमॅटो, लसूण, वाळलेली पानं, आणि त्यात कुठेतरी खिमा. खऱ्या रागूचा रंग तपकिरीकडे झुकणारा. तो मांसाचा पदार्थ आहे, टोमॅटो त्यात चवीपुरता.

सुरुवात होते कांदा, गाजर आणि सेलरी यांच्या बारीक तुकड्यांनी. हे तिन्ही मंद आचेवर, रंग न येऊ देता, मऊ होईपर्यंत परतायचे. आपण फोडणीत जे दहा सेकंदांत करतो ते इथे पंधरा-वीस मिनिटं चालतं, पण काम तेच: तेलात वास उतरवणं. त्यासोबत पांचेत्ता, म्हणजे डुकराच्या पोटाचं खारवलेलं मांस. मग जाडसर खिमा. परंपरेने गुरांचं मांस, तेही कष्ट केलेल्या स्नायूचं, म्हणजे चिवट आणि स्वस्त. ते सुटसुटीत परतल्यावर वाइन, ती आटली की थोडा टोमॅटो, रस्सा, आणि झाकण ठेवून दोन-तीन तास.

तास का लागतात? चिवट मांसात कोलॅजन नावाचं प्रथिन असतं. ते मंद आचेवर हळूहळू विरघळतं आणि त्याचं जिलेटिन होतं. आपला पायांचा रस्सा गार झाल्यावर थिजतो, तेच हे. हे जिलेटिन रागूला असा दाटपणा देतं की कॉर्नफ्लोअर किंवा पीठ लावावं लागत नाही. घाई केली तर मांस शिजतं पण रस पाणचट राहतो.

आणि दूध! खिम्यात दूध म्हटलं की आपल्याकडे भुवया उंचावतात. पण टोमॅटो आणि वाइन दोन्ही आंबट. दूध त्या आंबटपणाची धार बोथट करतं. आपण आंबट भाजीत गूळ घालतो, त्यामागेही चवीचा तोल सांभाळणं हेच असतं.

मग स्पॅगेटीला हरकत काय?

आता उत्तर जवळजवळ समोर आलंच आहे. स्पॅगेटी गोल, गुळगुळीत आणि कडक. रागू जाडसर, दाणेदार. काट्याला स्पॅगेटी गुंडाळली की खिमा खाली ताटलीत राहतो आणि शेवटी चमच्याने वेगळा खावा लागतो. चपटी, रुंद, खरबरीत ताल्यातेल्ले रागूला पाठीवर घेऊन येते. भाकरीने झुणका उचलता येतो, शेवयांनी नाही. हरकत एवढीच आहे.

मग ही जोडी जमली कुठे? एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून लाखो इटालियन माणसं अमेरिकेत गेली. त्यांतली बहुतेक दक्षिणेकडची, म्हणजे वाळवलेल्या पास्त्याच्या मुलखातली. अमेरिकेत मांस गावाकडच्यापेक्षा स्वस्त आणि मुबलक होतं. अंड्याची पोळी लाटायला वेळ नव्हता, डब्यातली स्पॅगेटी हाताशी होती. परदेशातल्या हॉटेलांत दक्षिणेचा पास्ता आणि उत्तरेचा रागू एका ताटलीत आले आणि नाव बोलोन्याचं लागलं. २०१९ साली बोलोन्याचे तेव्हाचे महापौर विर्जीनियो मेरोला यांनी लोकांना आवाहन केलं होतं, की तुमच्या देशात 'स्पॅगेटी बोलोन्येज' दिसलं तर त्याचा फोटो पाठवा. फोटो जगभरातून आले.

मला स्वतःला कुणी घरी स्पॅगेटीवर खिमा किंवा सोयाचा चुरा घालून खाल्लं तर काहीच गैर वाटत नाही. पोट भरतं, मुलं आवडीने खातात. फक्त त्याला बोलोन्याची परंपरा म्हणू नये, कारण त्याने मूळ गोष्टीतली बुद्धी झाकली जाते.

पाककृतीची नोंदणी: सोन्याची पट्टी आणि बुरुज

बोलोन्यातल्या लोकांनी आपल्या पाककृती चक्क नोटरीसमोर नोंदवून व्यापारी मंडळाच्या कार्यालयात ठेवल्या आहेत. हे काम केलं इटालियन पाककला अकादमीने. ही संस्था १९५३ साली स्थापन झाली आणि तिच्या शाखा गावोगाव आहेत.

१९७२ साली पहिल्यांदा ताल्यातेल्लेची रुंदी नोंदवली गेली. शिजल्यावर ८ मिलिमीटर. आणि हे ८ मिलिमीटर कसे ठरवले? तर शहराच्या मधोमध उभा असलेला आझिनेल्ली बुरुज ९७ मीटरांहून थोडा उंच आहे, त्याच्या उंचीचा १२,२७० वा भाग. त्या मापाची सोन्याची एक पट्टी व्यापारी मंडळाच्या मेर्कान्झिया या चौदाव्या शतकातल्या वास्तूत जपून ठेवली आहे. १९७४ साली तोर्तेल्लिनीचं सारण नोंदवलं गेलं, १९८२ साली रागू.

इथे बऱ्याच जणांचा गोंधळ होतो. पाककृती नोंदवली म्हणजे तिचं पेटंट झालं का? वेगळ्या रुंदीची पट्टी कापली तर दंड होतो का? नाही. ही नोंद म्हणजे साक्ष आहे. 'आमच्या शहरात आम्ही असं करतो', एवढंच ती सांगते. कुणावर बंधन नाही.

बंधन घालणारी गोष्ट निराळी. तिला भौगोलिक मानांकन म्हणतात, आपण रोजच्या बोलण्यात 'जीआय'. हापूस, नागपूरची संत्री, गोव्याची फेणी यांना जे मिळालं आहे ते हेच. ठरलेल्या भागात, ठरलेल्या पद्धतीने झालेल्या वस्तूलाच ते नाव लावता येतं, आणि दुसऱ्याने लावलं तर कायदा आडवा येतो. बोलोन्याच्या ताटात असे दोन मानांकित मानकरी आहेत.

पहिला मोर्तादेल्ला. डुकराचं मांस अगदी लोण्यासारखं वाटून, त्यात गळ्याकडच्या घट्ट चरबीचे पांढरे चौकोनी तुकडे मिसळून, मोठा जाड दंडगोल करतात आणि गरम हवेच्या भट्टीत तासन्‌तास शिजवतात. कापल्यावर गुलाबी चकतीत पांढरे ठिपके दिसतात. १६६१ साली तिथले कार्डिनल, म्हणजे चर्चचे वरिष्ठ धर्माधिकारी, फार्नेझे यांनी हुकूम काढला होता, की मोर्तादेल्लात डुकराखेरीज दुसरं मांस घालायचं नाही. म्हणजे भेसळीची तक्रार साडेतीनशे वर्षांपूर्वीही होती. १९९८ साली 'मोर्तादेल्ला बोलोन्या'ला युरोपीय मानांकन मिळालं. अमेरिकेत 'बलोनी' नावाने जो स्वस्त गुलाबी सॉसेज मिळतो, त्याचं नाव याच शहरावरून पडलं.

दुसरा मानकरी पार्मिजानो रेज्जानो, म्हणजे अस्सल पार्मेझान चीज. हे पार्मा, रेज्जो एमिलिया, मोदेना या जिल्ह्यांत, मांतोव्हा जिल्ह्याच्या पो नदीच्या दक्षिणेकडच्या भागात आणि बोलोन्या जिल्ह्याच्या फक्त एका भागात होतं. कुठला भाग? रेनो नदीच्या पश्चिमेकडचा. नदीच्या अलीकडे गाय दुभली तर चीज पार्मिजानो, पलीकडे दुभली तर नाही. रेघ कुठेतरी ओढावीच लागते, तिथे ती नदीने ओढली आहे. सुमारे ५५० लिटर कच्च्या दुधातून ४० किलोच्या आसपासचं एक चाक होतं आणि ते किमान १२ महिने मुरवावं लागतं. युरोपात 'पार्मेझान' या शब्दावरही आता त्यांचाच हक्क चालतो. २००८ साली युरोपीय न्यायालयाने मान्य केलं, की तो शब्द ऐकल्यावर ग्राहकाच्या मनात पार्मिजानो रेज्जानोच येतं. अमेरिकेत मात्र कुणीही आपल्या चीजला पार्मेझान म्हणू शकतो.

तर रागू हा नोंदवलेला, आणि त्यावर किसलं जाणारं चीज हे संरक्षित. एवढा फरक लक्षात ठेवला की अर्ध्या बातम्या नीट कळतात.

परंपरा म्हणजे चाळीस वर्षांचा कागद?

हा आक्षेप रास्त आहे, आणि इटलीतच तो जोरात घेतला जातो. पार्मा विद्यापीठातले अन्नइतिहासाचे प्राध्यापक आल्बेर्तो ग्रांदी गेली काही वर्षं सांगत आहेत, की इटलीचे बरेच 'प्राचीन' पदार्थ दुसऱ्या महायुद्धानंतरच्या सुबत्तेत घडले. त्यांच्यावर तिथे भरपूर टीका झाली.

बोलोन्याच्या बाबतीत काही पुरावे त्यांच्या बाजूचे आहेत. पेल्लेग्रीनो आर्तुझी यांनी १८९१ साली छापलेल्या पाककृतींच्या प्रसिद्ध पुस्तकात 'बोलोन्या पद्धतीचा' पास्ता आहे. त्यातल्या रागूत टोमॅटोच नाही. ताल्यातेल्लेची एक गोष्ट सांगितली जाते, की लुक्रेझिया बोर्जिया या जुन्या काळच्या इटालियन सरदारकन्येच्या सोनेरी केसांवरून एका आचाऱ्याला ती सुचली. ही गोष्ट विसाव्या शतकात ऑगुस्तो मायानी या बोलोन्याच्याच विनोदी चित्रकाराने रचली होती. लोकांनी ती इतिहास म्हणून उचलली.

मला यात परंपरेचा पराभव दिसत नाही. टोमॅटो अमेरिका खंडातला. आपली मिरची आणि बटाटासुद्धा तिकडचेच, पोर्तुगीजांबरोबर आलेले. 'बटाटा' आणि 'पाव' हे शब्दही त्यांच्याच भाषेतले. म्हणून मिरचीचा ठेचा आपला नाही असं कोण म्हणेल? चारशे वर्षांत त्या मिरचीला कसं वाटायचं, कशाबरोबर खायचं हे आपल्या बायकांनी ठरवलं.

खुद्द अकादमीनेही हे ओळखलं. २०२३ साली त्यांनी रागूची नोंद नव्याने केली. जुन्या नोंदीत पांढरी वाइन होती, आता लाल किंवा पांढरी कुठलीही चालते. दूध ऐच्छिक झालं. वाटाणे, सॉसेज, अळंबी, कोंबडीचं काळीज घातलेले प्रकारही मान्य झाले. मात्र काय चालणार नाही तेही लिहून ठेवलं: लसूण नाही, पार्सली-रोझमेरीसारखी पानं नाहीत, धूर दिलेला पांचेत्ता नाही, दाटपणासाठी पीठ नाही. हा कागद मला आवडतो, कारण त्यात हट्ट थोडा आणि समज जास्त आहे. मांसाची चव पुढे राहिली पाहिजे, बाकी घरोघरी थोडंफार बदलेल.

तोर्तेल्लिनी आणि कोंबडीचा वाद

आपल्याकडे लग्नघरात पूर्वी वळवट करायला बायका जमायच्या. गव्हल्या, मालत्या, नखुल्या. रव्याच्या कणकेतून चिमटीने तांदळाएवढे दाणे वळायचे, गप्पा चालू, हात चालू. मराठी घरातला हाताचा पास्ताच तो. बोलोन्यात नाताळच्या आधी असंच घडतं, फक्त तिथे तोर्तेल्लिनी असतात.

बोटाच्या दोन पेरांएवढा पोळीचा चौकोन. त्यावर वाटाण्याएवढं सारण: डुकराचं मांस, खारवलेली मांडी, मोर्तादेल्ला, पार्मिजानो, अंडं, जायफळ. चौकोन दुमडून त्रिकोण करायचा, मग करंगळीभोवती गुंडाळून दोन टोकं चिमटायची. मोदकाच्या कळ्या जमायला जितके दिवस लागतात तितकेच हे जमायला लागतात. कोंबडीच्या नितळ रश्शात ते उकळून तसेच रश्शासकट वाढतात. खोलगट ताटलीतून वाफ येते, जायफळाचा वास आधी येतो, मग चीजचा. थंडीत, धुक्याच्या दिवसांत हे खाणं म्हणजे काय ते बोलोन्याच्या माणसाला विचारावं.

२०१९ साली या इवल्याशा पदार्थावरून मोठं वादळ उठलं. ४ ऑक्टोबरला शहराचे रक्षक संत पेत्रोनियो यांचा उत्सव असतो. आयोजकांनी ठरवलं, की नेहमीच्या तोर्तेल्लिनीसोबत कोंबडीचं सारण भरलेलेही ठेवू, म्हणजे डुकराचं मांस न खाणाऱ्यांनाही पंगतीत बसता येईल. नेते मात्तेओ साल्विनी यांनी हा इटलीच्या संस्कृतीवर घाला असल्याची टीका केली. मूळ तोर्तेल्लिनी कुणी काढून घेत नव्हतं, एक पातेलं वाढत होतं एवढंच.

'नोंदवलेली पाककृती मोडली' हा आक्षेप इथे टिकत नाही, कारण ती नोंद कुणाच्याच हाताला बांधत नाही. उपवासाच्या दिवशी आपण साबुदाण्याची खिचडी करतो, तेव्हा तांदळाच्या खिचडीचा अपमान होत नाही.

सोबत प्यायचं काय?

इतक्या लोणी-चरबीच्या जेवणासोबत जड, गोड पेय चालत नाही. आंबटसर आणि हलके बुडबुडे असलेलं हवं. आपण मटणासोबत सोलकढी घेतो, तेच गणित. आंबटपणाने जिभेवरचा तेलाचा थर निघतो आणि पुढचा घास पुन्हा पहिल्यासारखा लागतो. बोलोन्याच्या टेकड्यांवर पिन्योलेत्तो ही पांढरी वाइन होते, बऱ्याचदा फसफसणारी. शेजारच्या मोदेनाकडची लाल, फेसाळ लाम्ब्रुस्कोही ताटाशी सहज दिसते.

क्वाद्रिलातेरो नावाच्या जुन्या बाजारपेठेतल्या एका बोळात ओस्तेरिया देल सोले ही पंधराव्या शतकापासूनची मद्यशाळा आहे. तिथे जेवण मिळत नाही. शेजारच्या दुकानांतून पाव, मोर्तादेल्ला, चीज कागदात बांधून आणायचं, आत फक्त वाइन विकत घ्यायची आणि लांब लाकडी टेबलावर कागद उलगडून बसायचं. शेजारी प्राध्यापक असतो, गवंडी असतो, विद्यार्थी असतात. माझ्या मते बोलोन्याची ओळख करून घ्यायला महागड्या हॉटेलापेक्षा ही जागा योग्य.

जेवणानंतर कडसर मद्याचा छोटा प्याला घेण्याची पद्धत आहे. त्यातलं आमारो मोंतेनेग्रो हे १८८५ सालापासूनचं, बोलोन्याचंच. चाळीस वनस्पतींचा त्यात अर्क असतो. ओव्याच्या अर्काची आठवण होते.

शाकाहारी माणसाचं काय?

हे शहर शाकाहाऱ्याला सोपं नाही, स्पष्टच सांगायला हवं. दोन गोष्टी जाण्याआधी माहीत असाव्यात. एक, ताज्या पास्त्यात अंडं असतंच. दोन, पार्मिजानो रेज्जानोचं दूध वासराच्या जठरातल्या विरजणानेच फाडतात, मानांकनाचा नियमच तसा आहे. म्हणजे कडक शाकाहारी माणसासाठी ते चीज शाकाहारी नाही. आपल्याकडे हे फार कमी जणांना ठाऊक असतं.

अंडं आणि ते चीज चालत असेल, तर तोर्तेल्लोनी मागावेत. नावातला 'ओ' महत्त्वाचा. हे तोर्तेल्लिनीचे मोठे भाऊ, आत रिकोत्ता नावाचं मऊ, पनीरच्या जवळचं चीज आणि पार्सली, वरून लोणी आणि सेजची पानं. क्रेशेन्तीना म्हणजे पुरीसारखी टम्म फुगणारी तळलेली रोटी. आणि फ्रिज्जोने म्हणजे कांदा तासन्‌तास मंद शिजवून, थोडा टोमॅटो घालून केलेलं गोडसर तोंडीलावणं. मात्र ही दोन्ही परंपरेने डुकराच्या चरबीत होतात, त्यामुळे ऑर्डर देण्याआधी 'स्त्रुत्तो?' एवढा एकच शब्द विचारावा. स्त्रुत्तो म्हणजे ती चरबी. नाही म्हणाले तर निर्धास्त खावं.

शेवटी गोडाला 'तोर्ता दि रीझो'. तांदूळ दुधात शिजवायचा, साखर, बदाम, अंडी, पाकवलेली लिंबूवर्गीय साल घालायची आणि भट्टीत भाजायचं. पूर्वी चर्चच्या एका उत्सवात घरांच्या खिडक्यांतून रंगीत कापडं सोडायचे आणि दारावर आलेल्यांना हा केक द्यायचे, म्हणून त्याला 'सजावटीचा केक' असंही नाव आहे. तो त्रिकोणी कापत नाहीत. ताटात थापलेल्या नारळाच्या वड्या आपण जशा तिरक्या सुरीने कापतो, अगदी तसाच शंकरपाळ्याच्या आकारात कापतात आणि एकेक वडी कागदावर ठेवून हातात देतात.